वॉरलॉक डॉडचं वचन

अरे डॉड पर्व्हिस,

तुझ्याविषयी चार ओळी लिहायला बसले आहे, मध्ये बोलू नकोस. दगडी कुंपणं रचण्यात एटरबर्न गावात तुझा हात कोणी धरू शकत नव्हतं, पण नाव झालं ते चामखिळींमुळे. बेकनची साल चामखिळीवर घासायची, काहीतरी पुटपुटत ती कुंपणाखाली पुरायची, की चामखीळ गायब! लोक तुला 'वॉरलॉक' म्हणू लागले, म्हणजे चेटक्या. तू इतका फुगलास की व्हॅनवर पिवळ्याधमक अक्षरांत तेच रंगवलंस.

मग बेकरीवाल्या एफी टर्नबुलला मागणी घातलीस. आधी दोघींना लग्नाचा शब्द देऊन ऐन वेळी पसार झाला होतास, हे तिला ठाऊक होतं. तरी बाई 'हो' म्हणण्याच्या बेतात होती. तेवढ्यात पबमध्ये मी तडमडले.

"वॉरलॉक म्हणजे मुळात चेटक्या नव्हेच," मी म्हटलं. "जुन्या इंग्रजीत 'वेर' म्हणजे वचन आणि 'लोगा' म्हणजे खोटारडा. वचन मोडणारा! देवाची शपथ मोडून सैतानाला मिळाला, म्हणून पुढे चेटक्या."

सगळा पब खिंकाळला. एफीने पेला आपटला.

"म्हणजे हा मेला स्वतःची लक्षणं गाडीवर लिहून गावभर हिंडतोय?"

"एफी, राणी, मला काय ठाऊक!"

"नाव पुसेन अशी शपथ घे."

"घेतली!"

"वॉरलॉकच्या शपथेला कुत्रं तरी विचारतं का?" टॅम खाटीक मागून ओरडला.

"मग नाही घेत, जा!"

"घेतलेली लगेच मोडलीस?" एफी कडाडली.

घेतली तरी वॉरलॉक, सोडली तरी वॉरलॉक! हसून हसून माझ्या पोटात कळा. मग तू बाहेर गेलास आणि छिन्नीने व्हॅन खरवडू लागलास. अक्षरांबरोबर पत्राही सोलला.

"शेवटचा 'क' राहिलाय, गाढवा!" एफी दारातून ओरडली, आणि आम्हाला कळलं, लग्न होणार.

चर्चमध्ये तू शपथ घेतलीस तेव्हा पाद्रीबुवांच्या आधी टॅमनेच सुटकेचा श्वास टाकला. ती शपथ आजवर टिकली आहे. बाहेर पडताना तू माझी बाही ओढलीस.

"लेडलॉबाई, वचन पाळणाऱ्याला जुन्या इंग्रजीत काय म्हणतात? बघून सांगा. एफीला त्याच नावानं हाक मारायला लावतो."

"सोमवारीच लायब्ररीत बघते," मी वचन दिलं.

एफी तुला अजून गाढवच म्हणते. मी लायब्ररीत गेलेच नाही.