पाणी सुटलं, बारी कोणाची?

तारीख २२ मे २००५, वार रविवार. रक्कम दहा हजार रुपये, रोख. त्र्यंबक रोडच्या पुढे एका वृद्धाश्रमाच्या ऑफिसात ती डिपॉझिट म्हणून भरली. हजर तिघे — मी, माझी पत्नी सुनंदा आणि तिथले व्यवस्थापक. जिच्यासाठी भरली ती दुर्गामावशी हजर नव्हती. ती घरी होती, उजवा हात प्लास्टरमध्ये.

या सदरात येणारे बाकीचे गूढ अनुभव मी वाचतो. खरं सांगायचं तर निम्म्यांवर माझा विश्वास बसत नाही, आणि माझ्यावर कोणी ठेवला नाही तरी राग नाही. अंबडच्या एका कारखान्यात सव्वीस वर्षं मी इन्स्पेक्शनमध्ये काढली. माल समोर येतो, मापाचं गेज लावायचं, बसलं तर ओके, नाही तर रिजेक्ट. घरात कधी अंगारा आणला नाही. भूतबाधा, करणी वगैरे कोणी बोलायला लागलं की मी उठून पाणी प्यायला जायचो. तेव्हा जे मोजलं तेवढंच सांगतो.

दुर्गामावशी ही सुनंदाची मावशी. सुनंदा चार वर्षांची असताना तिची आई गेली, आणि मावशीनंच तिला वाढवलं. मखमलाबादकडे त्यांचा मळा होता — मेथी, कोथिंबीर, शेवंती, झेंडू. कालव्याच्या पाटाचं पाणी. पुढे मळ्याचे प्लॉट पडले, मावशीला मूलबाळ नव्हतं, म्हणून ती सिडकोत आमच्याकडे राहायला आली. टायफॉइडमध्ये तिचे कान गेले. थोडेथोडके नाही, पूर्ण. डॉक्टरांनी तपासणी करून सांगितलं होतं की कानाशी ताट वाजवलं तरी कळणार नाही. तिच्याशी बोलायचं तर पाटीवर लिहून दाखवायचं. बोलायची ती मात्र खणखणीत, कारण आपला आवाज तिला ऐकू येत नसे.

आमची मुलगी केतकी तेव्हा पुण्याला एम.एस्सी. फिजिक्स करत होती. एप्रिलमध्ये ती सुट्टीला आली ती पत्र्याच्या भोंग्याचं ड्रॉइंग घेऊनच. भद्रकालीत धान्याच्या कोठ्या करणाऱ्या कारागिराकडून तो करून घेतला. पाण्याच्या पिंपाएवढा चौकोनी भोंगा, तोंड सरळ आकाशाकडे. तो गच्चीवर बसवला, खाली तिच्या कॉलेजच्या सरांकडून आणलेलं यंत्र जोडलं. त्याला फक्त काटा होता. स्पीकर नव्हता, हे लक्षात ठेवा.

मी विचारलं, यातून दिसणार काय?

ती म्हणाली, "दिसणार नाही बाबा, मोजता येईल."

हे मला पटलं. मग तिनं समजावलं. ताऱ्यांच्या मधल्या जागेत हायड्रोजन वायू असतो, इतका विरळ की आपण इथे ज्याला निर्वात म्हणतो त्याहून रिकामा. त्यातला एखादा अणू एक कोटी वर्षांत एकदा कूस बदलतो आणि एक क्षीण लहर सोडतो. लांबी एकवीस सेंटिमीटर. पण वायूच इतका अफाट पसरलेला की कुठला ना कुठला अणू कूस बदलतच असतो, लहर कधी थांबत नाही. आपल्या आकाशगंगेचा पट्टा डोक्यावरून सरकला की काटा चढणार, पुढे गेला की उतरणार. ऊन असो, ढग असो, फरक नाही.

एक गोष्ट तिनं सांगितली ती माझ्या डोक्यात राहिली. आकाशगंगा या वायूतूनच बनतात, आणि तारे बनवण्यात तो खर्च होतो. खर्चाचा वेग पाहता आपल्या आकाशगंगेतला शिलकी वायू केव्हाच संपायला हवा होता. संपलेला नाही. म्हणजे बाहेरून, दोन आकाशगंगांमधल्या पोकळीतून, नवा वायू वाहत येत असणार. किती, कुठून, कसा — याचा हिशोब अजून नीट लागलेला नाही. मी म्हटलं, मग तुमचं ऑडिट कोण करतं? ती म्हणाली, "माझ्यासारखे, फुकटात."

त्याच दिवसांत गच्चीवर सुनंदाच्या कुरडया वाळत होत्या. राखणीला मावशी — छत्री, काठी आणि सवयीनं जवळ ठेवलेलं खुरपं. एका दुपारी, पाच वाजून गेले होते, मावशी एकदम उठली आणि कुरडयांची चादर गोळा करायला लागली. निम्म्या कुरडया मोडल्या.

"पानी सुटलं," ती म्हणाली. "उचला, भिजंल सारं. बारी कोनाची हाय?"

सुनंदानं पाटीवर लिहिलं, पाणीबिणी काही नाही. मावशीनं वाचलं आणि मान हलवली, जशी लहान मुलाच्या थापेला हलवतात. थोड्या वेळानं शांत झाली.

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तेच. ऊन लागलं, वय झालं, असं आम्ही धरून चाललो. पहाटे पहाटे ती अंथरुणात उठून बसायची ते आणखी वेगळं. मोठ्यानं तोच प्रश्न — बारी कोनाची? तिच्या खोलीत सुनंदा झोपायची, म्हणजे सुनंदाची झोप गेलीच. दिवसभर नोकरी करून रात्री अर्धी झोप... मेच्या सुरुवातीला सुनंदा माझ्याशीही धड बोलेनाशी झाली.

मला जे खटकलं ते वेगळं होतं. मावशीचं हे रोज थोडं थोडं लवकर होत होतं. एप्रिलच्या मध्याला पाच वाजून गेल्यावर व्हायचं, तीन आठवड्यांनी पावणेचारलाच. वेड घड्याळ बघत नाही, आणि बघितलं तर एकाच वेळेला येईल. जेवताना मी केतकीला सहज म्हटलं. तिनं हातातला घास ताटात ठेवला.

तिचा काटाही तसाच सरकत होता. तारे रोज चार मिनिटं लवकर माथ्यावर येतात, महिन्याला दोन तास. तिनं तेव्हाच उठून ताळा पाहिला. पट्टा डोक्यावर येण्याची वेळ आणि मावशीच्या उठण्याची वेळ, फरक फार तर पाच-सात मिनिटांचा. पहाटेचंसुद्धा जुळलं, कारण पट्टा दिवसातून दोनदा डोक्यावरून जातो.

माझा पहिला संशय केतकीवर. मुद्दाम नव्हे, पण काटा चढला की हिचा चेहरा बदलत असेल, मावशी तो बघत असेल. बहिऱ्या माणसाची नजर तीक्ष्ण असते. म्हणून केतकी दोन दिवस पुण्याला गेली तेव्हा मी रजा टाकली. यंत्र काढून खाली कपाटात ठेवलं. भोंग्याच्या तोंडावर पत्रा टाकून बांधला. वर भारनियमन, दुपारी लाइट नव्हतेच. मी मावशीकडे पाठ करून जिन्याच्या दारात बसलो. सव्वातीनच्या सुमाराला मागून आवाज आला.

"पानी सुटलं. जावईबापू, बारी कोनाची हाय?"

मी उठलो, तिच्याजवळ गेलो. पाटी घेऊन विचारलं, तुला ऐकू येतं का? ती म्हणाली, "ऐकू कुठलं यायला. पायाला कळतं." आणि मग सांगितलं की लहानपणी पाटाच्या टोकाला तिला बसवायचे. कोरड्या पाटात पाय सोडून बसायची. वर कालव्याचं दार उघडलं की पाणी दिसायच्या आधी जमिनीतून येतं ते, तळपायाला. मग ओरडायचं, पाणी सुटलं. ज्याची बारी, म्हणजे पाणी घ्यायची पाळी — कधी आपली, कधी पाटाच्या वरच्या अंगाच्यांची — तो फावडं घेऊन धावणार, आपलं दार फोडून पाणी शेतात वळवून घेणार. बारी चुकली तर पुढच्या आवर्तनापर्यंत पीक सुकलं. तिच्या बापाची एकदा चुकली होती. त्या सालची शेवंती गेली, म्हणाली.

मी केतकीला सगळं सांगितलं. तिनं एकच वाक्य म्हटलं, "बाबा, हे मी प्रोजेक्टमध्ये लिहू शकत नाही." ती लहर सेकंदाला शंभर कोटींहून अधिक वेळा हलते, माणसाचा कान वीस हजारांच्या पुढे जात नाही, आणि तळपायाचं तर बोलायलाच नको.

या सगळ्याचा घरात उपयोग काहीच नव्हता. पुढच्याच आठवड्यात, तीनच्या सुमाराला, गच्चीवर कोणी नसताना मावशी खुरपं घेऊन खाली उतरली आणि भर रस्त्यात जाऊन उभी राहिली. गाड्यांना हात करून सांगत होती, बाजूला व्हा, पाणी येतंय. एका टेम्पोवाल्यानं कसाबसा ब्रेक मारला. मावशी मागे पडली, मनगट मोडलं. टेम्पोवाल्यानंच तिला उचलून आणलं.

त्या संध्याकाळी सुनंदा म्हणाली, "मी तिला आई म्हणते. पण मला आता झोप पाहिजे हो." एवढंच. केतकी तेव्हा परत पुण्याला गेली होती, ती फोनवर भांडली, की तुम्हाला माहीत आहे ती वेडी नाही, तरी पाठवताय. सुनंदानं तिला सांगितलं, खरं बोलणारा माणूससुद्धा टेम्पोखाली मरतो.  डिपॉझिट भरलं.

पाच जूनला मावशीला घेऊन गेलो. केतकी आली नाही. मावशीनं कापडी पिशवीत दोन लुगडी आणि पाटी घेतली होती. खुरपं घेऊ दिलं नाही. कुठे चाललोय हे तिला पाटीवर लिहिलं होतं. तिनं वाचून पाटी पुसली होती आणि पिशवीत ठेवली होती. ते मला जास्त जड गेलं.

व्यवस्थापक भला माणूस होता. त्यानं फॉर्म पुढे केला. दाखल करण्याचं कारण, असा रकाना होता. त्यानं आपल्या परीनं सुचवलं, "भास होतात, असं लिहा. म्हणजे आमच्या डॉक्टरांना औषध चालू करायला बरं." मी पेन टेकवलं. शहरापासून लांब, स्लॅबची बंद खोली, जवळपास ना भोंगा ना केतकी. आणि कोपऱ्यातल्या खुर्चीत बसलेली मावशी ताठ झाली. चप्पल काढून तिनं दोन्ही तळपाय फरशीवर टेकवले.

"पानी सुटलं," ती म्हणाली. "नंदा, बारी कोनाची हाय?"

मी घड्याळ बघितलं. पावणेदोन. तोंडी हिशोब केला, चार मिनिटांच्या पाढ्यानं. बरोबर होतं.

सव्वीस वर्षांत मी माप बरोबर आलेल्या मालावर रिजेक्टचा शिक्का कधी मारला नाही. पेन खाली ठेवलं. पण त्यानं काय होणार होतं? रस्ता तोच, टेम्पो तेच. मी सुनंदाकडे बघितलं. ती माझ्याकडे बघत नव्हती. मावशीच्या पायांकडे बघत होती. मग खाली बसली, पिशवीतली पाटी काढली आणि लिहिलं. मी वाकून वाचलं —

आपली बारी नाही. वरच्यांची आहे.

मावशीनं पाटी हातात धरून दोनदा वाचली. दीड महिन्यात पहिल्यांदाच कोणीतरी तिच्या प्रश्नाचं उत्तर दिलं होतं. आम्ही सगळे तिला पाणी नाही असं सांगत बसलो होतो. तिनं विचारलं होतं ते वेगळंच.

"वरच्यांची व्हय," ती म्हणाली. खांदे सैल सोडले. "मंग ऱ्हाऊ दे. जाऊ दे त्येंच्याकडं. दुसऱ्याची बारी तोडू नी." आणि चपलेत पाय घातले.

व्यवस्थापकाला काही कळलं नाही. सुनंदानं त्याची माफी मागितली आणि मला म्हणाली, "चला, घरी."

त्यानंतर मावशी पावणेतीन वर्षं आमच्याकडे होती. पाणी सुटायचंच, रोज. दुपारी असलं तर सुनंदा किंवा मी पाटीवर लिहायचो, वरच्यांची. नंतर लिहायचीही गरज पडेना. मावशी स्वतःच म्हणायची, सुटलं, पण आपलं नाय. पहाटे उठायची, एवढंच पुटपुटायची आणि परत आडवी व्हायची. सुनंदाला झोप मिळाली. केतकीनं भोंगा उतरवून पुण्याला नेला, तरी मावशीची वेळ चुकली नाही. २००८ च्या फेब्रुवारीत ती झोपेतच गेली. ती वेळ मी मुद्दाम ताडून पाहिली नाही.

खुलासा माझ्याकडे नाही. केतकीनं पुढे याच विषयात पीएच.डी. केली, तिच्याकडेही नाही. मावशी नसती तर मीही हे कोणाचं लिहिलेलं वाचून पाणी प्यायला उठलो असतो. कारखान्यात असा माल आला तर आम्ही वेगळ्या रॅकवर ठेवायचो — ओके नाही, रिजेक्ट नाही, निर्णय बाकी. हा तिथेच आहे.

राहिला पैशांचा भाग. वृद्धाश्रमानं दहा हजार पूर्ण परत केले. आणि मावशीच्या उशाखाली कमरेची पिशवी सापडली, तिच्यात एकशे एक रुपये. ते कशासाठी हे तिनं मला मागे दोनदा सांगून ठेवलं होतं : पाणी आपण घेतलं नाही तरी दारावरून गेलंय, पाणी सोडणाऱ्या पाटकऱ्याला काहीतरी द्यावं, तोही उन्हात उभा असतो. मखमलाबादचा पाटकरी कोण हे आता कोणालाच सांगता येत नाही, आणि हे पाणी त्याचं नव्हतंच. या पाण्याचा हिशोब ठेवणारी आमच्यात केतकीच, तीही फुकटात; दहाव्याच्या दिवशी ते एकशे एक रुपये मी तिला दिले.