तात्पुरतं संगीत

आमचे भावोजी सिनेमांना संगीत देतात, पण त्यांचं नाव तुम्ही ऐकलं असण्याची शक्यता नाही. त्यांचे सिनेमे बघायला येणाऱ्यांपैकी निम्म्यांनी त्याच सिनेमात काम केलेलं असतं. मागच्या खोलीत भिंतींना गाद्या टांगून ते तासन्‌तास बसतात. एकदा दार करकरल्याचा आवाज हवा म्हणून त्यांनी ताईच्या कपाटाची इतकी उघडझाप केली, की बिजागरी हातात आली. तेव्हापासून ताईने हात टेकले आहेत.

त्यांचे वडील गेले त्या महिन्यात त्यांनी एका सिनेमासाठी एक धून केली होती. सूर कशाशी खातात हे मला ठाऊक नाही, तरी ती ऐकून मी बाहेर जाऊन डोळे पुसले. पुढे तो सिनेमा डब्यात गेला. करारानुसार धून निर्मात्याची, म्हणून तीही गेली.

मध्यंतरी एक तरुण दिग्दर्शक आला. सिनेमा जुळवताना चित्राखाली कुणाचं तरी संगीत तात्पुरतं लावायची या लोकांची रीत आहे.

"एका मित्राकडून मिळालंय, कुणाचं ते माहीत नाही. पण अगदी असंच हवंय," म्हणत त्याने दृश्य लावलं.

तीच धून होती.

"माझीच आहे ही," भावोजी म्हणाले.

तो हरखला. "मग प्रश्नच मिटला की."

कसला मिटतोय! त्या जुन्या सिनेमाच्या निर्मात्याने साफ नकार दिला. स्वतः वापरणार नाही, दुसऱ्याला देणार नाही.

"मग हिच्यासारखी दुसरी करा, तुम्हाला काय अवघड?" दिग्दर्शक म्हणाला.

भावोजी खोलीत जाऊन बसले. जेवणाकडेही लक्ष नसायचं. सिनेमा जुळवताना वर्षभर ऐकून तीच धून दिग्दर्शकाच्या कानात बसली होती. जे पाठवावं ते परत.

"जवळ गेलो की तीच होते, लांब गेलो की त्याला चालत नाही," ते ताईला म्हणाले. मला भयंकर चीड यायची, पण काढणार कुणावर?

शेवटी फोन आला. "राग मानू नका, काम दुसऱ्याला दिलंय. त्याला तुमच्यासारखं जमतं." वर त्या दुसऱ्याच्या धुनेचा नमुनाही पाठवला.

भावोजींनी तो आमच्यासमोर पूर्ण ऐकला.

"अहो, त्या दिग्दर्शकाला काहीतरी बोला," ताई म्हणाली.

"काय बोलू?" ते म्हणाले. "खरंच जमलंय त्याला."