दाजींच्या खिडकीसमोरचं झाड

समजा, तुम्हाला एक माणूस झाकायचा आहे. तो पलीकडच्या घरात राहतो, रोज सकाळी स्वयंपाकघराच्या खिडकीत उभा राहून चहा पितो आणि नेमका तुमच्या डोळ्यांत खुपतो. मधे भिंत घालायला बंदी आहे. मग कुदळ घ्या, दोन घरांच्या मधोमध खड्डा खणा, त्यात एक जपानी सूचीपर्णी झाड लावा आणि समोर खुर्ची टाकून वाट बघत बसा. खुर्ची मात्र मजबूत बघून घ्या.

पार्टिशनवाल्यांनी हेच केलं. हे त्यांचं गल्लीतलं नाव. निवृत्त होईपर्यंत त्यांनी ऑफिसांमधून प्लायवूडची पार्टिशनं उभी केली. शुक्रवारी जिथे मोकळा हॉल असायचा, तिथे सोमवारी केबिनी असायच्या आणि प्रत्येक केबिनीत एकेक साहेब. एकमेकांचं तोंड बघायची इच्छा नसलेल्या कितीतरी माणसांची त्यांनी अशी सोय लावून दिली. स्वतःच्या घरी मात्र त्यांचे हात बांधलेले होते. वडिलांनी जागेचा अर्धा भाग त्यांना आणि अर्धा ताईला देताना दोघांकडून शब्द घेतला होता, की मधे भिंत, कुंपण काही घालायचं नाही.

ताईबरोबर अर्थातच दाजी आले. दाजी घड्याळं दुरुस्त करायचे. अडखळणारं घड्याळ कानाला लावून त्याचं दुखणं कुठे आहे ते सांगायचे. भाचीच्या अभ्यासासाठी पार्टिशनवाल्यांनी त्यांच्या हॉलमध्ये एक खोली काढून दिली, फुकट, वर पॉलिशसकट. आणि भर पंगतीत, सगळ्या नातेवाइकांसमोर दाजी म्हणाले, "काम झकास आहे. फक्त पलीकडे कुणी जांभई दिली तरी इकडे ऐकू येते."

सगळे हसले. ताईही हसली. पार्टिशनवाल्यांच्या ते जिव्हारी लागलं. आपल्या पार्टिशनमधून आवाज जातो, हे त्यांना आजवर एकाही साहेबानं ऐकवलं नव्हतं. घरी आल्यावर त्यांनी बायकोला विचारलं, तुला तरी पटतं का? बायको म्हणाली, मला त्यातलं काय कळतं. ती हसलेली त्यांनी पाहिली होती.

नर्सरीवाल्या बाईंनी त्यांना जपानी छत्री पाइन दाखवला. जाड, चकचकीत हिरव्या सुया, फांदीच्या टोकाशी छत्रीच्या काड्यांसारख्या गोल पसरलेल्या. पार्टिशनवाल्यांनी उंची विचारली. तीस फुटांपर्यंत जातो, बाई म्हणाल्या. त्या पुढेही काही सांगत होत्या, पण यांना हवं ते मिळालं होतं. त्यांच्या धंद्यात उंची सांगितली की तेवढा माल टेम्पोतून उतरतो. समोरचं गुडघ्याएवढं रोप त्यांनी नमुन्याचा तुकडा पाहावा तसं पाहिलं.

खड्डा खणला. जे उभं करायचं त्याला पाया हवा, म्हणून तळाशी जुन्या प्लास्टरचा राडारोडा आणि उरलेला चुना घालून ठोकून घट्ट केला. वर माती, त्यात झाड. हलवून पाहिलं, तर जरासुद्धा डुगडुगेना. बायकोला बोलावून त्यांनी पुन्हा हलवून दाखवलं.

पहिल्या वर्षी झाड बोटाच्या पेराएवढं वाढलं. दुसऱ्या वर्षी त्याला तेवढीही घाई दिसली नाही. ते कशासाठी लावलंय हे दाजींना कुणी सांगितलं नव्हतं, आणि सांगायची गरजही नव्हती. चहाचा कप घेऊन ते खिडकीत यायचे आणि इकडे नीट ऐकू जाईल अशा बेतानं ताईला विचारायचे, मेहुण्यांचं झाड उभं आहे की बसलंय?

तिसऱ्या वर्षी सुया पिवळ्या पडू लागल्या. हे पहिल्यांदा दिसलं ते दाजींनाच, कारण झाडाकडे रोज सकाळी बघणारा दुसरा कोण होता? त्यांनी ताईकरवी निरोप धाडला. पार्टिशनवाल्यांनी उलट निरोप धाडला, की जपानी झाडं या दिवसांत अशीच असतात, आणि पिवळी फांदी पिशवीत घालून तडक नर्सरी गाठली.

खड्ड्यात खाली काय घातलंय, बाईंनी विचारलं. पक्का पाया, पार्टिशनवाले म्हणाले. बाईंनी पिशवीतली फांदी काढून उलटसुलट करून पाहिली. मग त्यांनी समजावलं, की या झाडाला किंचित आम्ल माती लागते, चुना त्याला सोसत नाही. मुळांना ओल हवी, पण तुंबलेलं पाणी नको. आता झाड उपसायचं, खालचं सगळं काढून कुजलेला पालापाचोळा घातलेली माती भरायची आणि दुपारच्या उन्हाला आडोसा करायचा.

मुळांचा गड्डा एकट्याला उचलेना. बायकोनं कंबरेला हात लावून आधीच हात टेकले होते. तेवढ्यात दाजी आले. न बोलावता आले, मधे अडवायला काही नव्हतंच. दोघांनी मिळून झाड बाहेर काढलं. दाजींनी वाकून खड्ड्यात पाहिलं आणि म्हणाले, "जमिनीलाही पार्टिशन केलंस?"

पार्टिशनवाले राडारोडा उपसत राहिले.

दुपारचं ऊन दाजींच्या बाजूनं यायचं. पार्टिशनवाल्यांनी शेडमधली सगळ्यात मोठी प्लायची शीट काढली आणि दोन्ही घरांच्या मधे खांब रोवून त्यांना ठोकली. बायकोनं वडिलांना दिलेल्या शब्दाची आठवण करून दिली.

"ही भिंत नाही," ते म्हणाले. "औषध आहे."

खिडकी झाकली गेली. कपासकट दाजीही. झाडाला वर्षानुवर्षं जे जमलं नाही, ते पार्टिशनवाल्यांनी एका दुपारी उरकलं.

मग रोज सकाळी ते झाडापाशी बसू लागले. माती बोटानं चाचपायची, लागलं तर पाणी घालायचं आणि बोलायचं. सुरुवातीला बोलण्यात दाजीच होते: त्यांचे कान, त्यांचं घोरणं, त्यांचा खवचट स्वभाव. शिव्या संपल्यावर बोलायला विषय उरेना. एकदा ते झाडाला म्हणाले, की समोर कुणी नसलं की चहाला चव लागत नाही, पण हे आपल्यातच ठेव.

एका सकाळी त्यांनी बायकोला सांगितलं, दाजींचा खोकला आज वेगळाच वाटतोय, ताईला म्हणावं डॉक्टरकडे ने.

बायको भांडं पुसता पुसता थांबली. "पलीकडचा खोकला बरा ऐकू येतो तुम्हाला."

त्यानंतर पार्टिशनवाले झाडापाशी गप्प बसू लागले. पण उन्हाळा बहुतेक सरला होता, आणि जे बोलायचं ते बोलून झालं होतं.

ऊन उतरलं तशी झाडाच्या टोकांवर कोवळी, पोपटी छत्री उघडली. शीट निघाली. दुसऱ्या दिवशी दाजी खिडकीत दिसले नाहीत. ते कप आणि खुर्ची घेऊन सरळ झाडापाशी येऊन बसले, खोकला बरा झालेला. नवी सुई त्यांनी बोटानं हलकेच उचलून पाहिली.

"बोलत राहा त्याच्याशी," ते म्हणाले. "मानवलंय त्याला."

आणि शांतपणे चहा पिऊ लागले.

झाडांशी बोललं की ती वाढतात, असं लोक म्हणतातच. दाजी तेवढंच म्हणाले असतील. विचारून टाकावं, तर त्यात एक अडचण आहे: विचारलं, की आपल्या पार्टिशनमधून आवाज जातो हे कबूल केल्यासारखं होईल. म्हणून पार्टिशनवाले अजून विचारत नाहीत. रोज सकाळी दोघं झाडाच्या दोन बाजूंना बसून चहा पितात, झाड जेमतेम गुडघ्याच्या वर आलंय, आणि प्रश्न जिथल्या तिथे आहे: पलीकडे नुसत्या शिव्याच गेल्या, की चहाचंसुद्धा ऐकू गेलं?