सावरगावच्या गल्लीतलं हँडल

बाळांनो, गाईडमागे सायकलवरून अनोळखी गल्ल्या हिंडतानाचा तुमचा फोटो पाहिला आणि मला सावरगाव आठवलं.

पोळ्याची दुपार होती. दुसऱ्या दिवशी गोटमार, म्हणजे दरवर्षीच्या प्रथेप्रमाणे जाम नदीच्या दोन काठांवरून आमचं पांढुर्णा आणि सावरगाव एकमेकांवर दगड फेकणार. मैत्रीण शांता मला सायकलवरून तिच्या मामाची सावरगावातली गल्ली दाखवत होती. दारोदारी दगडांचे ढीग होते. एका म्हातारीने माझं हँडल धरलं.

“कोनाची पोरगी वं तू?”

मी घाबरत बाबांचं नाव सांगितलं.

“माह्या पोराले सांगून थकली मी. तू तं बापाले उद्या घरी ठेव.”

धमकी समजून मी ते घरी सांगितलंच नाही. बाबा नदीवर गेले आणि एक डोळा गमावून आले. म्हातारीच्या मुलाचं काय झालं, हे मी शांताला कधीच विचारलं नाही.