एलोजीच्या बायकोचा डोळा

शालोमकाका कुणाच्याही घरी गेले की आधी बूट काढत, मग चष्मा पुसत आणि मग घरातल्या माणसांच्या तोंडाकडे बघू लागत. किडकं वांगं शोधावं तसं. चहा येईपर्यंत त्यांच्या खिशातली पेन्सिल बाहेर आलेली असे. न्यू जर्सीत पिस्कॅटवेला आमच्या वास्तुशांतीला ते पहिल्यांदा आले तेव्हा मी हौसेनं समोर बसले. चित्रात मला दोन हनुवट्या होत्या. "आत्ता एकच आहे, पण दुसरी निघालीय," काका म्हणाले. सासूबाई स्वतःचं चित्र बघून रडायला लागल्या, तर काका म्हणतात, "हलू नका, रडताना बऱ्या दिसता."

काका बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले ज्यू, अलिबागकडचे. घरातली मराठी आमच्यापेक्षा शुद्ध. इथल्याच एका रंगाच्या कारखान्यात केमिस्ट म्हणून जन्म काढला होता. शुक्रवारी संध्याकाळी न चुकता दिवा लावत, पण त्यांचा खरा देव होता एलोजी. एलोजी म्हणजे त्यांचे खापरपणजोबा, एकोणिसाव्या शतकात माणसांची तैलचित्रं काढणारे. हे नाव ऐकलं नाही असं कुणी म्हटलं की काका त्याला तोंडावर अडाणी म्हणत.

"आमचं तेल्याचं घर. घाण्यावरचं जवसाचं तेल एका गोऱ्या साहेबाची मड्डम रंगात कालवायला न्यायची. एलोजी तेल पोचवायला जायचा आणि बघत उभा राहायचा. बघून बघून शिकला." पुढे त्यानं मुंबईचे शेठ काढले, कलेक्टर काढले, घाटावरचे सरदार काढले. माणसाचं चित्र म्हणजे मूर्तीच, असं म्हणून गावातल्या वडीलधाऱ्यांनी त्याला वाळीत टाकलं, तरी तो थांबला नाही. एका सरदाराच्या तोंडावर देवीचे वण होते. एलोजीनं एकूण एक काढले. सरदारानं त्याला माडीवरून ढकलला आणि उजवा हात मोडला. "मग डाव्या हातानं काढायला लागला. पण वण पुसला नाही!" हे सांगताना काकांचे डोळे चकाकत. शेवटी ठरलेलं वाक्य येई, "चेहऱ्याचे लाड केले की चित्र मेलं."

एलोजीचं एकच चित्र काकांकडे होतं, जेवणाच्या टेबलासमोर लावलेलं. ती त्याची बायको. नऊवारी, नाकात नथ, आणि उजवा डोळा पांढराफटक. "सख्खी बायको, पण फूल पडलेला डोळा तसाच काढला. याला म्हणतात छाती." दर सणाला ते चित्र खोबरेल लावून पुसायची घरची रीत होती. तेल्याचंच घर, त्यांना तेलानं काय बिघडणार! लग्न होऊन आल्यावर हे काम लेयाकाकूंकडे आलं. त्या डोळ्यापाशी आल्या की काकूंचं बोट हळू फिरे. "त्या बाईला कुणी विचारलं होतं का गं?" त्या मला एकदा म्हणाल्या.

मग काकूंना अर्धांगाचा झटका आला. चालणं सुधारलं, पण तोंड वाकडं राहिलं. त्यांची मुलगी याएल नेपरव्हिलला असते, तिला तेव्हा नुकतीच मुलगी झाली होती. काकूंनी नवऱ्याकडे काही मागितल्याचं मी कधी ऐकलं नव्हतं. त्या दिवशी मला प्रसादाचा मलिदा खायला बोलावलं होतं, तेव्हा माझ्यासमोरच मागितलं.

"माझं एक चित्र काढा. तोंड तेवढं सरळ काढा. याएलच्या पोरीनं मला असं आठवायला नको."

"सरळ हवं तर देवाकडे माग," काका म्हणाले. "मी दिसतं ते काढतो."

आणि काढलं. चांगलं काढलं, हेच वाईट. ओघळलेला ओठ, कोपऱ्यातली लाळसुद्धा. मराठी मंडळाच्या दिवाळीत ते चित्र हॉलमध्ये लावलं आणि काकूंना शेजारी खुर्चीवर बसवलं, लोकांना ताडून बघता यावं म्हणून. "सेम टू सेम आहे यार," कुणीतरी म्हणालं. काकूंनी पदर तोंडावर धरला. तो मग शेवटपर्यंत खाली आला नाही. जेवतानाही त्या पदराआड घास घेत. मी काकांना बोलले तर म्हणाले, "एलोजीच्या बायकोनं असली नाटकं केली नव्हती." पुढच्या उन्हाळ्यात काकू गेल्या.

त्यांच्यात माणूस गेलं की सात दिवस घरातले आरसे आणि चित्रं झाकून ठेवतात. याएलनं सगळीकडे चादरी टाकल्या. काकूंच्या चित्रावरची काकांनी ओढून काढली. "बघू दे लोकांना. मेली म्हणून सुंदर झाली नाही." त्या दिवसापासून याएल वडिलांशी कामापुरतंच बोलू लागली.

वर्षभरात न्यूयॉर्कच्या एका संग्रहालयानं प्रदर्शनासाठी एलोजीचं चित्र मागून नेलं. काकांना आभाळ ठेंगणं झालं. चित्र साफ झाल्यावर त्यांना बघायला बोलावलं, ड्राइव्ह मी केलं. तिथल्या दुरुस्ती करणाऱ्या बाईनं आम्हाला आत नेलं. एलोजीची बायको टेबलावर पडून दोन्ही डोळ्यांनी आमच्याकडे बघत होती. दोन्ही काळेभोर, टपोरे, जरासे हसरे.

"व्हेअर इज द बॅड आय?" काकांनी विचारलं.

कोकोनट ऑइल, बाई म्हणाली. त्या डोळ्यावरचं तेल कुणी नीट पुसलंच नव्हतं, वर्षानुवर्षं त्यावर धूळ बसून, दमट हवा लागून तिथे पांढरी साय धरली होती. खालचा डोळा पहिल्यापासून धडधाकट. उलट साऱ्या चित्रात त्यानं सगळ्यात जपून तोच काढलाय, असंही ती म्हणाली.

"यू पेंटेड इट!" काका ओरडले. बाईनं शांतपणे भिंग पुढे केलं. काकांनी बघितलं, पुन्हा बघितलं आणि भिंग खाली ठेवलं. आता ती बाई आंधळी नव्हतीच, की आंधळी असून एलोजीनं तिला डोळा दिला, हे कोण सांगणार? दोन्हीकडून काकांचा देव गेलाच. मला आनंद झाला. खोटं कशाला बोलू, पोटभर आनंद झाला.

परतताना काका गाडीत एकच वाक्य बोलले, "तिनं डोळा मागितला तरी असेल का गं?"

काही दिवसांनी मी डबा घेऊन गेले. काकूंचं चित्र रंगवायच्या घोडीवर चढवलेलं होतं आणि तोंड खरवडून काढलेलं. तिथे नुसतं कापड दिसत होतं. टेबलभर जुने फोटो पसरले होते.

"सरळ काढायला बसलो," काका म्हणाले. "पण तिचं सरळ तोंड मला आठवतच नाही, मेधा. या फोटोत हसतेय बघ. अशी हसायची ती? मी कधी पाहिलं नाही. कुणाकडे बघून हसतेय?"

तो फोटो मीच काढला होता, माझ्या स्वयंपाकघरात. फोटो काढताना सगळेच हसतात हो काका, असं म्हणता आलं असतं. पण काकूंचा तो पदर माझ्या डोळ्यांसमोरून हलत नव्हता.

"माझ्याकडे बघून," मी म्हणाले. "तुमच्याकडे बघून हसलेली एकाही फोटोत नाही. दिसतं ते सांगतेय."

काकांनी फोटो गोळा करून एकावर एक ठेवले. "बरोबर," एवढंच म्हणाले. त्यानंतर ब्रश ओला झालेला मी पाहिला नाही.

यंदाच्या थंडीत काका गेले. याएल आली, आरसे झाकले, संग्रहालयातून परत आलेल्या एलोजीच्या बायकोवरही चादर टाकली. मी एक चादर घेऊन काकूंच्या चित्राकडे निघाले.

"लीव्ह इट, मेधाताई," याएल म्हणाली. "त्यात झाकायला बाबांनी ठेवलंय काय?"