छपरावरचा जावई

चावीवाल्याने एकोणीस वर्षं अर्ध्या गावाचं पाणी सोडलं आणि बंद केलं. पुरुषभर उंचीची लोखंडी चावी खांद्यावर टाकून तो गल्लीत शिरला की बायका बादल्या सरसावत. एवढ्या वर्षांत, तू कोणाचा कोण, असं त्याला कोणी विचारलं नव्हतं. मग कचेरीचं पत्र आलं. आपली नेमणूक आदिवासींसाठी राखीव जागेवर झाली आहे. आपण त्या जमातीचे आहात हे पडताळणी समितीपुढे सिद्ध करा, नाहीतर सेवा समाप्त.

आजोबांच्या काळचा एखादा सरकारी कागद असता आणि त्यावर जमात लिहिलेली असती, तर काम दहा मिनिटांचं होतं. पण आजोबा शाळेच्या वाटेला गेले नव्हते, जमीन त्यांच्या वाटेला आली नव्हती, आणि पोलिसांनी नोंद घ्यावी एवढंही काही त्यांच्या हातून झालं नव्हतं. राहिली तोंडी परीक्षा. तिथे जमातीच्या चालीरीती विचारतात. चावीवाला जन्मला पाणीपुरवठ्याच्या चाळीत. त्याची रीत एकच, साडेपाच ते आठ पूर्व विभाग, आठ ते दहा पश्चिम.

बायको शिवणकाम करणारी, सूतभर कमीजास्त न खपवून घेणारी. समितीचे संशोधक जिच्यातून प्रश्न काढतात ती पुस्तिका तिने झेरॉक्सच्या दुकानातून पैदा केली आणि महिनाभर नवऱ्याला शिलाई मशीनसमोर उभं केलं.

"घरात मयत झालं तर जावई काय करतो?"

"छपरावर बसतो."

"कधीपर्यंत?"

"सूर्य मावळेपर्यंत. आणि मोठ्याने शोक करतो."

"अहो, 'मृतात्म्यास उद्देशून' राहिलं! नोकरी तुमची चाललीय का माझी?"

सुनावणीला घरातलं वडीलधारं माणूस सोबत आणा, असं पत्रात होतं. वडीलधारी म्हणून आत्या तेवढी उरली होती. वय ऐंशीच्या घरात, कान तिखट, जीभ त्याहून तिखट. तिला पुस्तिका आधी वाचून दाखवावी, हे मात्र नवराबायकोंपैकी एकालाही सुचलं नाही.

समितीच्या खोलीत लांब टेबलामागे अध्यक्षीणबाई, त्यांच्या शेजारी संशोधक. संशोधकांपुढे तीच पुस्तिका, फक्त यांची पुठ्ठ्याच्या बांधणीची. पहिली चार उत्तरं चावीवाल्याने अशी दिली की संशोधक ओळीवर बोट ठेवून वाचत गेले आणि बोट कुठे अडलं नाही. मग मयताचा प्रश्न आला.

"जावई छपरावर बसतो," चावीवाला म्हणाला. "सूर्य मावळेपर्यंत. मृतात्म्यास उद्देशून मोठ्याने शोक करतो."

"कोण करतो?" आत्या म्हणाली.

"जावई, आत्या."

"कुठल्या मेल्याने सांगितलं तुला हे? साहेब, आमच्यात असलं काही नाही हो. हा खोटं बोलतोय."

संशोधकांनी पेनचं टोपण काढलं.

"आजीबाई, हे छापील आहे. पाहणीत नोंदलेलं आहे."

"पाहणी म्हणजे तो चष्मेवाला सरकारी माणूस ना? तीन दिवस आमच्या खाटेवर बसून होता. माझी आजी गेलेली, घर माणसांनी भरलेलं, आणि याचं आपलं, हे काय, ते कशाला. छपरावर माझा नवरा होता, साहेब! कौलं गळत होती म्हणून चढला आणि खालून कोणीतरी शिडी नेली. चष्मेवाल्याने विचारलं, हे वर का बसलेत? माझा बाप वैतागलेला. म्हणाला, आमची रीतच आहे."

"आणि मोठ्याने शोक?" अध्यक्षीणबाईंनी विचारलं.

"शिव्या घालत होता तो. शिडी नेणाऱ्याला."

संशोधकांचा चेहरा उतरला. पुस्तिकेच्या तीन आवृत्त्या निघाल्या होत्या, तिसरी त्यांच्याच संपादनाखाली. ते जरा चढ्या आवाजात म्हणाले, "मूळ पाहणीची वही तळमजल्यावर आहे. आत्ता मागवतो. मग बघू कोण खोटं बोलतंय."

शिपाई वही घेऊन आला. संशोधकांनी पान काढलं, वाचलं, आणि वही बाईंकडे सरकवली. बाईंनी मोठ्याने वाचलं. घरमालकाचं नाव. वाडी. जमात. डाव्या अंगठ्याचा ठसा. खाली बारीक अक्षरात शेरा: जावई दिवसभर छपरावर, मोठ्याने बोलत होता, शब्द नीट कळले नाहीत, शोक असावा.

बाईंनी चावीवाल्याने दिलेली वंशावळ शेजारी ठेवली. आजोबांचं नाव तेच, वाडी तीच. तारीख साठ वर्षांपूर्वीची.

"आणखी कुठला जुना कागद हवाय तुम्हाला?" त्यांनी संशोधकांना विचारलं. "हा तर आपल्याच कपाटातला."

"पण मॅडम, चालीरीतींच्या प्रश्नात अर्जदार नापास होतो."

"पुस्तिकेत पास झाले ना ते? लिहा, दावा वैध."

"आणि पुस्तिकेचं काय करायचं?"

"ती मंजूर आहे," बाई म्हणाल्या. "तिला हात लावायचा तर वेगळी समिती लागेल."

बाहेर बाकावर बसून चावीवाल्याने बायकोला फोन लावला. नंबर दुसऱ्या खेपेला लागला.

"झालं. नोकरी राहिली."

पलीकडे मशीन थांबलं. मग नाक ओढल्याचा आवाज आला. "छपरावरचं विचारलं?"

"विचारलं. पण ते सगळं चुकीचं होतं गं. आत्याने सांगितलं."

"चुकीचं का असेना," बायको म्हणाली. "तुम्हाला नीट आलं ना?"

"आलं."

"सगळं?"

"मृतात्म्यासकट."

"मग बरं," ती म्हणाली, आणि मशीन सुरू झालं.