गुन्हा करशील म्हणून

"आधी त्याच्या हातातलं लुगडं घ्या. मग न्या त्याला."

मालक गादीवरनं उठलेसुद्धा नाहीत. फौजदारानं "हाच का?" विचारलं तेव्हा त्यांनी पायाच्या अंगठ्यानं मला दाखवलं. पायानं! सोप्यात लग्नाचे पाहुणे बसलेले. दिवाणजीनं लुगडं काढून घेतलं, उलगडून बघितलं, कुठं डाग पडलाय का म्हणून. मला बेड्या पडत होत्या आणि सगळे लुगड्याचे काठ बघत होते.

बेचाळीस सालची गोष्ट. मी शहापूरचा विणकर. आमचं शहापूर तेव्हा सांगली संस्थानात आणि बेळगाव इंग्रजांच्या हद्दीत. मधे वेस नाही, भिंत नाही. रस्ता ओलांडला की राज्य बदलायचं. मालक बेळगावचे कापडाचे व्यापारी. अंगात खादी, सभेत पहिल्या रांगेत. चळवळीची पत्रकं तेच माझ्याकडं द्यायचे. मी ती सुताच्या गठ्ठ्यात घालून पार काकतीपर्यंत पोचवायचो. "तू आमचा माणूस रं," म्हणायचे. मला केवढं भारी वाटायचं!

मग पोलिसांना वास लागला. मी बेळगावात पाऊल टाकणं बंद केलं. इंग्रजांच्या शिपायाला संस्थानात येऊन मला उचलणं सोपं नव्हतं.

तेवढ्यात मालकांचा निरोप आला. लेकीचं लग्न आहे, लुगडं घेऊन ये. आमच्या आळीचा रिवाज असा, की नवरीचं लुगडं विणणाऱ्यानंच नेऊन द्यायचं. दुसऱ्याच्या हाती पाठवलं तर नवरीला लाभत नाही म्हणतात. बायको म्हणाली, "जाऊ नगा वो." मी म्हटलं, "लेकीच्या लग्नात कोण दगा देतंय व्हय गं?"

दिला. पत्रकांचा माग त्यांच्या दारापर्यंत गेला होता. स्वतःची मान सोडवायला त्यांनी माझी पुढं केली.

तुरुंगात मी जेलरला विचारलं, "सायेब, गुन्हा काय माझा? कोर्टात कधी उभं करणार?"

तो हसला. "गुन्हा केलास म्हणून न्हाय रं. करशील म्हणून आत घातलाय. कोर्ट कसलं?"

शेजारच्या बराकीत चोर होते. त्यांना वकील होता, तारीख होती, सुटायचा दिवस ठाऊक होता. मला काहीच नव्हतं. पुढं मी काही करणार नाही, हे आज सिद्ध करायचं तरी कसं? डोकं फिरायची पाळी आली.

एके दिवशी मालक भेटीला आले. मागं माझी बायको, डोईवर पदर. मालकांनी कागद पुढं केला. झालं त्याची माफी मागतो, पुन्हा चळवळीत पडणार नाही, असं माझ्या नावानं लिहिलेलं. "सही कर. तुझ्यासाठी साहेबांचे पाय धरलेत मी."

"माफी कशाची? आधी गुन्हा सांगा."

"विणकराला येवढा ताठा बरा न्हाय."

बायको रडायला लागली. "करा की वो सही. माग बंद पडलाय. पोरं उपाशी हाईत."

ती खोटं बोलत नव्हती. काळजाला घरं पडली. पण मालकांच्या तोंडाकडं बघितलं आणि उमगलं, ह्या माणसाला माझी सुटका नको आहे. माझ्या माफीखाली त्याला स्वतःचा दगा झाकायचा आहे. कागद फाडला. जन्मात पहिल्यांदा त्यांना नुसत्या नावानं हाक मारली आणि चालते व्हा म्हटलं. बायको त्यांच्याच मागनं गेली. मला तिच्याकडं बघवलं नाही.

पुढं कधीतरी सोडलं. तेही कारण न सांगता.

सत्तेचाळीसला झेंडा चढला. सभेत तेच गृहस्थ, गळ्यात हार. म्हणाले, संशयिताला खटल्याविना आत ठेवायचा कायदा आपल्या सरकारलाही लागेल. वाईट माणसं काय कमी आहेत? लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या अंगाची लाही झाली. मी उठून ओरडलो, "गुन्हा सांगा, मग धरा!" चौघांनी मला ओढून खाली बसवलं. आपलीच माणसं!

त्या माणसाला मी माफ केलेलं नाही. मरेपर्यंत करणार नाही. पण उद्या नव्या सरकारचा शिपाई त्याला बिनगुन्ह्याचा उचलायला आला, तर मी त्याच्या दारात आडवा पडणार. गुन्हा काय ते चारचौघांत सांगा म्हणणार. सांगता आला नाही, तर माझ्या अंगावरनं न्यावं लागेल.